चार माग, तीन अल्बम

आमचा प्रोग्रेसिव्ह रॉकचा गट सोलापुरात कुणी स्टेजवर पाहिलेला नाही, कारण आम्ही स्टेजवर गेलोच नाही. आम्ही चौघं फक्त रेकॉर्ड करायचो, तेही ड्रमरच्या घरी, वरच्या खोलीत. खाली त्याच्या वडिलांचे टॉवेलचे चार यंत्रमाग. ते चालू असले की कपातला चहासुद्धा थरथरायचा, म्हणून पहिला अल्बम निव्वळ मागांच्या सुट्टीच्या दिवशी झाला. गाणी तीन-तीन मिनिटांची. आज ती ऐकताना लाज वाटते.

दुसऱ्या अल्बमच्या वेळी आम्हाला शिंगं फुटली. एकेक गाणं अठरा मिनिटांचं, ताल साडेसात मात्रांचा. सुट्टीचा दिवस पुरेना. मग मीच खाली जाऊन म्हणालो, "काका, तासभर माग बंद ठेवाल का?" त्यांनी एकेक करून बटणं दाबली. हे वर्षभर चाललं. ठेका आमचा चुकायचा आणि खापर मागांवर फुटायचं. नाचता येईना, अंगण वाकडं. तरीही कुठे खटखट शिरलीच, तर ती पुसण्यात मी आठवडे घालवले. त्याचा मला अभिमान होता.

तिसऱ्या अल्बमपर्यंत धंदा बसला आणि माग भंगारात गेले. गाणी संथ झाली, मोकळी झाली. ऐकणारे म्हणाले, आता तुम्ही परिपक्व झालात. खाली शांतता होती, एवढंच.

परवा काका पहिल्यांदाच जिना चढून वर आले.

"तुमच्याकडं आमच्या मागाचा आवाज असंल की. जरा लाव. लई दिवस झालं ऐकून."

मी जुनी हार्ड डिस्क जोडली. एकामागून एक फाइल उघडली. सगळं स्वच्छ. माझंच काम. शेवटी एका फाइलच्या सुरुवातीला थोडंसं सापडलं. माग बंद करायला सांगून मी वर यायच्या आतच कुणीतरी रेकॉर्डिंग सुरू केलं असावं. काकांना हेडफोन दिला. त्यांनी डोळे मिटले आणि लगेच उघडले.

"ह्यो तर बंद करतानाचा हाय."

"तेवढाच आहे, काका." मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

त्यांनी हेडफोन काढला नाही. "पुन्ना लाव," म्हणाले.

मी लावला. चारही माग, माझ्याच सांगण्यावरून, एकेक करून पुन्हा थांबले.