कॅमेऱ्याच्या आतलं कुंकू

लग्नातले फोटो काढण्यापासून मी सुरुवात केली. मग बातम्यांच्या फिती, तमिळ-तेलुगू पौराणिक चित्रपट, साबणाच्या जाहिराती, टीव्हीच्या मालिका, आणि शेवटी ज्यांत फिल्मच नसते असे कॅमेरे. इथं चेन्नईत आताची मुलं मला डीओपी म्हणतात, म्हणजे मुख्य कॅमेरामन. एवढी वर्षं टिकलेला माणूस निर्धास्त असणार, असं त्यांना वाटतं. पहिल्या शॉटआधी अजूनही माझा चहा तसाच निवून जातो.

माझं गाव औरंगाबादकडचं पाचोड. पोलीस ॲक्शन होऊन निजामाचं राज्य गेलं, तशी शाळेतली उर्दू गेली, मराठी आली. मला धड दोन्ही येईनात, आणि सहावीतच शाळा सुटली. औरंगाबादेत, आताच्या क्रांती चौकाजवळ, एका वयस्कर फोटोग्राफरनं मला ठेवून घेतलं. निजामाच्या काळात समारंभांच्या फिल्मा काढलेला माणूस; आम्ही त्यांना उस्ताद म्हणायचो. कॅमेऱ्यात ज्या चौकटीतून फिल्म सरकते तिला गेट म्हणतात. तिथं एक कण अडकला की पुढच्या सगळ्या फिल्मवर ओरखडा पडतो. म्हणून प्रत्येक शॉटनंतर दार उघडून गेट तपासायचं, ही त्यांची शिकवण. ‘बेटा, पहले गेट देख, फिर सेठ का मुँह,’ म्हणायचे. मला मद्रासला एका कॅमेरामनच्या हाताखाली धाडलं तेही त्यांनीच. माझ्या पोटात गेलेला प्रत्येक घास त्यांचा, असं मी मानतो.

असिस्टंट म्हणून बरीच वर्षं गेली. स्वतंत्र कॅमेरामन म्हणून पहिला चित्रपट मिळाला तो मराठी, आणि शूटिंग औरंगाबाद शहराबाहेरच, लेण्यांच्या डोंगराखालच्या एका शेतात. निर्मात्यानं आधीच बजावलं होतं: मुहूर्ताचा शॉट लॅबमधून नीट धुऊन आला तरच पुढं मी, नाहीतर त्यांचा नेहमीचा कॅमेरामन तयारच आहे.

मुहूर्त दसऱ्याचा होता, दिवस कलतानाचा. माझी माय पाचोडहून एसटीनं आली. दसऱ्याला आमच्याकडं नांगर, विळे, सगळी अवजारं पुजतात; तिला लेकाचं अवजार पुजायचं होतं. निर्मात्याला कौतुक वाटलं. असिस्टंट दार उघडं ठेवून फिल्मचा डबा आणायला गेला होता, मी लांब उभा राहून उजेड मोजत होतो. मायनं वर झेंडूची माळ घातली, हात जोडले. मी पाहिलं ते एवढंच.

शॉट साधा होता: नायिका सासऱ्याला आपट्याची पानं देते. झाला. टाळ्या वाजल्या, पेढे फिरू लागले. मी सवयीनं दार उघडलं. गेटच्या कडेला ओलं, लालभडक कुंकू.

मायला बाजूला घेऊन विचारलं, तर ती समाधानानं म्हणाली, ‘आतल्यालाच लावलं बाबा. काम तर त्योच करतो ना? वरच्या डबड्याला काय पुजायचं?’

मी तसाच निर्मात्याकडं गेलो आणि शॉट पुन्हा घ्यावा लागेल म्हणालो. पेढा त्यांच्या हातातच राहिला. हे कुणी केलं, असं त्यांनी विचारलं. कॅमेरा माझ्या ताब्यात आहे, मीच जबाबदार, एवढंच मी बोललो.

‘मुहूर्ताचा शॉट पुन्हा घेत नसतात,’ ते म्हणाले. ‘अपशकुन होतो. तुमचं जमत नसेल तर आत्ताच सांगा, दुसऱ्याला बोलावतो.’

मी म्हणालो, ‘बोलवा. पण आजचा शॉट मी पुन्हा घेणार, मगच जाणार.’

तेव्हा नायिकाच पानं सावरत म्हणाली, ‘घ्या की शेठ. मुहूर्त दोनदा झाला तर पिक्चर दोनदा चालेल. आणि सासऱ्याला सोनं द्यायला माझं काय जातंय, पानंच तर आहेत.’ लोक हसले. निर्माते हसले नाहीत, पण खुर्चीत जाऊन बसले.

मी फिल्म काढली आणि मऊ लाकडी काडीनं, ब्रशनं गेट साफ करायला लागलो. कुंकू कोपऱ्यात चिकटून बसलेलं. सूर्य डोंगराला टेकायला आलेला, वाऱ्यानं शेतातली माती उडत होती. एवढ्यात वारा थांबल्यासारखं वाटलं. मान वर केली, तर माय कॅमेऱ्याच्या आड पदर पसरून उभी. तिला कळलं होतं. नवी फिल्म भरली, दार लावलं, आणि उरलेल्या उजेडात शॉट घेतला. नंतर गेट पाहिलं. लख्ख होतं.

लॅबमधून फिल्म धुऊन येईपर्यंत शूटिंग बंद ठेवलं होतं. माझं जेवणावर लक्ष नव्हतं. फिल्म आली तेव्हा शहरातल्या एका टॉकीजात सकाळीच पडद्यावर लावून पाहिली. पहिल्या शॉटमध्ये नायिकेच्या चेहऱ्यावरून एक थरथरती रेघ उभी चाललेली. दुसरा स्वच्छ, आणि उजेड तर पहिल्यापेक्षा सोनेरी.

दिवे लागले. निर्माते मॅनेजरला म्हणाले, त्या दुसऱ्याला कळवून टाका, यायची गरज नाही. मग माझ्याकडं न बघताच विचारलं, ‘उद्या पहिला शॉट कधी लावता?’

‘ऊन उगवताना,’ मी म्हणालो.

‘मग गाडी अंधारातच पाठवतो. तयार राहा.’