सातव्या नंबरचे कर्नल

नेहरू नगरच्या मैदानावर मी रोज सकाळी फिरायला जातो. तिथल्या बाकावर एक रिटायर्ड कर्नल बसलेले असायचे. पाठ ताठ, पायांना बकलाचे जुने पॅड, मांडीवर बॅट. मैदानात कोणी नसलं तरी त्यांची नजर पिचवरच असायची. मी समोरून गेलो की हातानं बाजूला व्हायची खूण करायचे.

एकदा विचारलंच, "साहेब, मॅच तर नाही. मग पॅड कावून बांधता?"

"फौजेत आमची टीम होती. सगळे बॅटिंगच्या नंबरानंच जाऊन राहिले. ओपनर आमचे कॅप्टन, ते सगळ्यात आधी गेले. मग दुसरा, तिसरा, चौथा, पाचवा. सहावा नागपूरले दवाखान्यात आहे. माझा नंबर सातवा."

मी हसलो. ते हसले नाहीत.

गेल्या आठवड्यात ते उभे दिसले. फोन खिशात ठेवत म्हणाले, "सहावा गेला." डाव्या पॅडचा पट्टा सुटला होता, पण वाकून तो त्यांना लागेना.

"जरा आवळून द्या. ढिलं पॅड कॅप्टनले चालत नाही."

मी खाली बसून पट्टा आवळला. ते रिकाम्या पिचवर गेले, गार्ड मागायला हात वर केला आणि समोरून कोणी सांगितल्यासारखी बॅट किंचित डावीकडे सरकवली.

दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांच्या दारात चपलांची गर्दी होती.

वय झालं होतं, सगळे म्हणाले. मीही मान हलवली. पण तो पट्टा मी एक भोक जास्तच आवळला होता.