हं म्हणणारं माणूस

आम्ही दोघं बाकावर बसून मटार सोलायचो. परदेशात, आल्मेरे शहरात, लेकाच्या घरासमोरच्या बाकावर शेजारचा एक म्हातारा रोज दुपारी तीनला यायचा, टोपी मांडीवर ठेवायचा आणि अमेरिकेतल्या बहिणीला फोन लावायचा. बोली चोक्टॉ, तिकडच्या मूळ लोकांची. अर्धे शब्द नाकातून यायचे, त्याचे हात मात्र माझे मटार सोलत राहायचे.

"बहीण गेली की माझ्याशी हे कोण बोलणार? पोरांना येत नाही," असं तो हसत इंग्रजीत म्हणायचा. माझी नात ते मोडक्या मराठीत मला सांगायची. मी म्हणायचो, "गप रे, मटार सोल." बायको गेल्यापासून माझंही गावाकडचं बोलणं घशातच राहतं. मी काहीही बडबडलो तरी ती "हं" म्हणायची.

एके दिवशी फोन त्याच्या भाचीनं उचलला. बहीण गेली होती, नातीनं मला सांगितलं. तो दाणे जमिनीवर टाकत, सालं वाटीत भरत राहिला.

दुसऱ्या दिवशी तो सकाळीच आला, फोन न घेता. माझ्याकडे तोंड करून बसला आणि चोक्टॉत बोलायला लागला. थांबेचना. एक शब्द कळत नव्हता. मी आपला मधेमधे "हं" म्हणत राहिलो.