भिंतीवरचा रोल

चौकात उतारा म्हणून ठेवलेला नारळ घरी आणून त्याची चटणी खाल्लेला माणूस आहे मी. नजर, करणी, भूतबाधा... सगळं थोतांड. तरीही हे लिहितोय, कारण बायकोशिवाय कोणाला सांगितलेलं नाही.

मी भांडुपला राहतो. सिनेमात छोटी कामं करतो – हवालदार, तलाठी, लग्नातला काका. नाटकापासूनचा माझा मित्र विलास, मुलुंडचा. एका सिनेमात बापाच्या रोलसाठी आम्ही दोघांनी ऑडिशन दिली. असा रोल मला आयुष्यात मिळाला नव्हता. तो विलासला मिळाला! मला प्रोडक्शनवाल्यांचा फोन आला, "दादा, त्या बापाच्या वारलेल्या भावाचा फोटो हवाय भिंतीवर. तुमचा चालेल?"

हार घालायला फोटो द्यायचा म्हटलं की बरेच नट कचरतात. मी दिला, बहिणीच्या लग्नातला, फेटा बांधलेला, दात दाखवून हसणारा. पण आतून नुसता जळत होतो. विलासचं नाव काढलं तरी घास उतरत नव्हता.

अंधेरीतल्या बंगल्यात शूटिंग सुरू झालं आणि विलासचा फोन.

"तुझा फोटो बदलायला सांग ना यार. बघतोय माझ्याकडे."

"येडा झालास काय?"

"आईशपथ! डायलॉग विसरतोय मी."

मला मनातून उकळ्या फुटल्या.

पुढे बायकोबरोबर मुलुंडला सिनेमा बघितला. फोटोत तोच फेटा, तोच शर्ट... पण तोंड गच्च मिटलेलं. विलास दारातून खुर्चीपर्यंत आला, तसे माझे डोळे त्याच्यामागे फिरले.

बायको हळूच म्हणाली, "अहो, त्यांचं नाव निघालं की तुम्ही असेच बघता."

प्रोडक्शनवाल्यांकडून फ्रेम परत मागवली. त्यात मी हसतोय. कॅमेरामन म्हणतो, लाइटमुळे भास होतो. लाइटने तोंड कसं मिटेल?

त्या सीनमध्ये विलासचे हात थरथरतात, आवाज फुटतो. लोक म्हणाले, भावाचं दुःख काय दाखवलंय! दुःख कसलं, टरकला होता तो. त्यावर अवॉर्ड घेतलं त्याने. मी जळायचं आणि नाव याचं व्हायचं!

परवा पुन्हा विलासचा फोन आला. "पुढच्या पिक्चरलाही डायरेक्टरला तू हवायस रे. तू समोर असलास की माझं काम झकास होतं."

माझा जीव सुपाएवढा झाला. "रोल काय आहे?"

"फोटोच पाठव."