आत्यानं सांगायचं नाव

बारशाला बाळाच्या कानात नाव सांगायचा मान आत्याचा. हे ठरवणारा शहाणा स्वतः कुणाची आत्या नसावा. त्या दुपारी रत्नागिरीच्या आमच्या घरात मी आई आणि वहिनी यांच्या कात्रीत पुरती सापडले होते.

वहिनी समुद्रापासून लांब, अलोऱ्याची. लग्न होऊन इथं आली आणि समुद्राच्या प्रेमातच पडली. पोटात बाळ असताना रोज संध्याकाळी ओटीवर बसून लाटांचा तो अखंड आवाज, समुद्राची गाज ऐकायची. मुलगी झाली तसं तिनं ठरवूनच टाकलं, नाव गाज ठेवायचं. भावाला आवडलं. मलाही आवडलं, आणि मी भाबडेपणानं हो म्हणून बसले.

आईनं ते ऐकलं आणि पुढ्यातलं ताट बाजूला सारलं. मी शाळेत असताना वडील होडी घेऊन मासेमारीला गेले ते परत आलेच नाहीत. ज्या आवाजानं आजही आपल्याला झोप लागत नाही, त्याच्या नावानं नातीला हाक मारायची नाही, असं तिनं सांगितलं आणि वहिनीशी बोलणंच टाकलं. वहिनीही काही कमी नव्हती. बारशाच्या सकाळी तिनं मला स्वयंपाकघरात गाठलं. वन्सं, दुसरं नाव सांगितलंत तर मी ते कधी तोंडातून काढणार नाही, म्हणाली.

बायका जमल्या. गोविंद घ्या, गोपाळ घ्या करत बाळ पाळण्याच्या खालून-वरून फिरलं आणि आत निजलं. मी वाकले. पाठीवर थापा पडायला लागल्या. कुर्र म्हटलं आणि तिथंच थांबले. पाळण्याची दोरी आईच्या हातात होती, तिनं ती हलवायची थांबवली. मला दोघींचाही भयंकर राग आला. मी सरळ उभी राहिले.

"आई, तू नको म्हणत असशील तर हे नाव मी सांगणार नाही."

वहिनीचे डोळे भरले. भाऊ घुगऱ्यांच्या पातेल्यात काहीतरी हरवल्यासारखा बघत राहिला.

आई बाळाकडे बघत होती.

"तुझा बापूस गेला तेव्हा पुळणीवर उभी राहून मी हाका मारीत होते," ती म्हणाली. "त्या गाजेपुढं माझी एक हाक पोचली नाय."

तिनं दोरी पुन्हा हलवायला घेतली.

"सांग गो तेच नाव. हिचा आवाज तरी पोचू दे."