मावशींचा उंटकटारा

आमच्या शेजारच्या मावशी मूळच्या मंगळवेढ्याकडच्या. सोलापुरात येऊन बरीच वर्षं झाली, पण बोली गावाकडचीच. प्रश्न विचारून उत्तरही स्वतःच द्यायची त्यांना सवय. मी दिसले की म्हणणार, "जेवलीस? जेवली असशील की."

त्यांच्या फाटकाबाहेर उंटकटाऱ्याचं झुडूप आपोआप उगवलं होतं. अंगभर काटे आणि वर निळसर काटेरी चेंडू. काढून टाका, असं सगळे सांगायचे. मावशी म्हणायच्या, "असू दे की. कुणाला पानी तरी मागतंय का?" आणि तांदूळ धुतलेलं पाणी रोज त्यालाच घालायच्या.

गेल्या महिन्यात माझ्या आईचा तोल गेला आणि तिचा हात नेमका त्या झुडपावर पडला. मावशी धावत आल्या. आईला आमच्या ओट्यावर बसवून त्यांनी चिमट्यानं एकेक काटा काढला. "दुखतंय? दुखणारच की," म्हणताना त्यांचेच डोळे भरले होते.

"झुडपाची काय चूक? मलाच नीट दिसत नाही," आई म्हणाली.

दुसऱ्या दिवशी सकाळी मावशी खुरप्यानं उंटकटारा उपटत होत्या.

"टाकून देणार?" मी विचारलं.

"टाकू कशाला? परसात लावते. तितं मीच जाते फकस्त."

लावून झाल्यावर त्यांनी हात पदराखाली घेतला. मी ओढून पाहिला, तर तळवा रक्तानं माखलेला. मी त्यांना तसंच आईकडे घेऊन आले. आईनं चाचपडत तो हात मांडीवर घेतला आणि ओल्या फडक्यानं पुसू लागली.