एकता दाखवायला बुरखा

आमची सोसायटी धायरीत होती. गाव नुकतंच पुणे शहराच्या हद्दीत आलं होतं, आणि मी एका अमेरिकन बँकेचं सॉफ्टवेअर सांभाळणाऱ्या कंपनीत नुकतीच लागले होते. सव्वीस जानेवारीच्या आठवडाभर आधी सोसायटीचे अध्यक्ष माझ्या दारात उभे राहिले. बँकेतून निवृत्त झालेले, अत्यंत सभ्य गृहस्थ.

"यंदा सर्वधर्म देखावा करतोय. तुम्ही मुस्लिम भगिनी व्हायचं."

"मी आहेच," मी म्हटलं.

"तसं नाही. बुरखा घालून."

मी सांगितलं, मी बुरखा घालत नाही, माझी आईसुद्धा आयुष्यभर साडी नेसत आली. मी आहे तशी पंजाबी ड्रेसमध्ये उभी राहते.

अध्यक्षांचा चेहरा पडला. "अहो, पण तुम्ही अगदी आमच्यासारख्याच दिसता. तीच तर अडचण आहे. मग एकता कोणाशी दाखवायची?"

मी पुढे काही म्हणायच्या आत त्यांनी वहीत 'मुस्लिम भगिनी'समोर माझं नाव लिहून टाकलं.

माझी मोठी बहीण बुरखा घालते. लग्नानंतर बऱ्याच वर्षांनी, आईशी भांडून, तिनं तो स्वतःहून सुरू केला. मी तिला फोन केला. ती म्हणाली, "नाटकाला देणार नाही. कपडे आहेत ते माझे." आणि फोन ठेवून दिला. मला राग आला, पण तिचं चुकलं असं काही म्हणता येईना.

शेवटी अध्यक्ष स्वतः बुधवार पेठेपर्यंत जाऊन भाड्यानं पोशाख देणाऱ्याकडून 'मुस्लिम स्त्री' नावाचा संच घेऊन आले. त्यात बुरख्याबरोबर पत्र्याचं पानदान होतं. वेगळं मिळत नाही, म्हणे. बुरखा शाळेच्या स्नेहसंमेलनासाठी शिवलेला होता. मी पाच फूट आठ इंच. तो माझ्या गुडघ्याच्या जरा खाली संपला.

भारतमाता होणार होत्या अध्यक्षांच्या पत्नी. आम्ही सगळे त्यांना काकू म्हणायचो. उंचीनं अगदी बेताच्या. त्यांनी माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाल्या, "इकडे दे. तू माझा मुकुट घे."

"अगं, पण भारतमाता..." अध्यक्ष पुटपुटले. मग आवाज खाली करून मला म्हणाले, "कुणी नाव विचारलं तर काही बोलू नका."

झेंडावंदनाला गावातले एक मोठे जमीनदार पाहुणे आले. त्यांनी आधी मला हार घातला आणि चक्क माझ्या पाया पडले. मुकुट घसरू नये म्हणून मी मान ताठ धरली होती. मग ते काकूंपुढे उभे राहून हात जोडून म्हणाले, "ताई, तुम्ही आलात, लय बरं वाटलं. बिनधास्त ऱ्हावा. हे तुमचंबी गाव हाय."

काकूंच्या तीन पिढ्या पुण्यात गेल्या होत्या. त्यांनी पानदान घट्ट धरलं. अध्यक्ष लांबून खुणा करत होते, म्हणून त्यांनी नुसती मान हलवली.

कार्यक्रम संपल्यावर चहाला साखर कमी पडली. काकू घाईत तशाच, तोंडावरचा नकाब न काढता, फाटकासमोरच्या वाण्याकडे गेल्या. वाणी त्यांच्या रोजच्या ओळखीचा. परत आल्या त्या सरळ जिन्यात माझ्याशेजारी येऊन बसल्या.

"मला म्हणाला, बोलो भाभी, क्या चाहिए. मी म्हटलं, एक किलो साखर द्या, आणि जाड नको. तर म्हणतो, वा, मराठी छान बोलता की!"

मला हसू आवरेना. मुकुट काढून मांडीवर ठेवला होता, तो खाली पडला. काकू हसल्या नाहीत.

"तुला म्हणतात असं?"

"मी बुरखा घालत नाही ना, काकू. पण नाव सांगितलं की म्हणतात."

"मग तू काय म्हणतेस?"

"थँक्यू."

त्या बराच वेळ बुरख्याच्या काठाचा सुटलेला दोरा ओढत राहिल्या. मग म्हणाल्या, "मूर्खपणा आहे नुसता." वाण्याचा की माझा, ते त्यांनी सांगितलं नाही.

त्या दिवसापासून काकू सामान आणायला लांब चौकातल्या दुकानात जाऊ लागल्या. वाण्याला कारण कळलं नाही. नवऱ्याला त्यांनी साखरेत खडे निघाल्याचं सांगितलं.